फूड लायसन्सचं कार्ड हरवलं. डुप्लिकेट कसं काढायचं?

प्रश्न थोडक्यात असा: सोलापुरात शेंगाचटणी आणि कडक भाकरीचा घरगुती व्यवसाय आहे. चार वर्षांपूर्वी एका एजंटाकडून ‘फूड लायसन्स’ काढलं होतं. त्याचं लॅमिनेट केलेलं कार्ड जागा आवरताना गेलं. आता संक्रांतीच्या गड्डा यात्रेत होम मैदानावर स्टॉल टाकायचा आहे, तर कागद मागतायत. एजंट अडीच हजार रुपये, पोलिसांचा दाखला आणि स्टॅम्प पेपरवर प्रतिज्ञापत्र मागतोय. हे सगळं लागतं का?

एजंटाला अजून पैसे दिले नसतील तर थांबा. गेलाय तो फक्त छापील कागद. तुमची नोंदणी ‘फॉस्कॉस’ या सरकारी ऑनलाइन प्रणालीत १४ आकडी क्रमांकावर जशीच्या तशी असते. लॉगिन हाताशी असेल तर प्रमाणपत्र पुन्हा छापून घेणं दहा मिनिटांचं काम आहे आणि त्याला पैसे पडत नाहीत. अडतं ते दुसरीकडेच. एजंटाने लॉगिन स्वतःच्या मोबाइल नंबरवर काढलेलं असतं, नाहीतर तुमचाच जुना नंबर बंद पडलेला असतो. म्हणून कार्डामागे धावण्याआधी क्रमांक आणि लॉगिन या दोन गोष्टी हाताशी आणा.

पण त्याच्याही आधी, हरवलंय ते नक्की काय हे ठरवून घ्या. ‘फूड लायसन्स’ या नावाखाली लोकांच्या पिशवीतून निरनिराळे कागद निघतात. पहिला म्हणजे एफएसएसएआयची, म्हणजे केंद्र सरकारच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाची, नोंदणी किंवा परवाना. लहान धंद्याला नोंदणी आणि मोठ्याला परवाना मिळतो. दुसरा ‘फॉस्टॅक’चा, म्हणजे अन्नसुरक्षेचं प्रशिक्षण घेतल्याचं प्रमाणपत्र. तो माणसाच्या नावावर असतो, दुकानाच्या नाही. तिसरा कामगारांचा वैद्यकीय तंदुरुस्तीचा दाखला. याशिवाय महापालिकेचं फेरीवाल्याचं ओळखपत्र आणि शॉप ॲक्टची पावती, ज्यांचा अन्नसुरक्षेशी थेट संबंध नाही, पण एकाच फाइलीत असल्यामुळे गोंधळ होतो. प्रत्येकाचं कार्यालय वेगळं आणि पुन्हा मिळवायची रीतही वेगळी. गड्ड्याच्या स्टॉलसाठी मागतायत ते बहुधा पहिलं, तरी मागणाऱ्याला एकदा स्पष्ट विचारून घ्या.

पहिल्या प्रकाराची खूण म्हणजे १४ आकडी क्रमांक, आणि त्यातला पहिला आकडाच बरंच सांगून जातो. २ असेल तर नोंदणी, १ असेल तर परवाना. पुढचे दोन आकडे राज्याचे, महाराष्ट्राचा १५. त्यापुढचे दोन वर्षाचे. म्हणजे सोलापुरातल्या एखाद्या भाकरी केंद्राचा क्रमांक २१५ ने सुरू होईल आणि पुढे २१, २२ असं काहीतरी असेल. क्रमांक १०० ने सुरू होत असेल तर तो केंद्रीय परवाना. त्याचा कारभार जिल्ह्याच्या कार्यालयाकडे नसतो, एफएसएसएआयच्या प्रादेशिक कार्यालयाकडे असतो. घरगुती व्यवसायाचा तसा प्रश्न येत नाही.

आता ‘कार्ड’ या शब्दाबद्दल. एफएसएसएआयच्या परवाना व नोंदणीच्या २०११ च्या नियमावलीत लहान व्यावसायिकाला नोंदणी प्रमाणपत्राबरोबर फोटो ओळखपत्र द्यायची तरतूद आहे, आणि ते दुकानात, गाडीवर किंवा हातगाड्यावर दिसेल अशा जागी लावायचं आहे. आधारसारखं चकचकीत पीव्हीसी कार्ड मात्र बहुतेक वेळा एजंटाने किंवा सायबर कॅफेवाल्याने स्वतः छापून दिलेलं असतं. खिशात ठेवायला सोयीचं आहे, पण भिंतीवर लावायचं ते पूर्ण प्रमाणपत्र. तेव्हा तुमचं तसलं कार्ड गेलं असेल तर तेच हुबेहूब परत मिळवायची धडपड करू नका. मूळ पीडीएफ मिळवा.

क्रमांक माहीत नसेल तर आधी घरातच शोधा. चटणीच्या पाकिटावर एफएसएसएआयच्या चिन्हाखाली तो छापलेला असतो. जुना स्टिकरचा रोल, छापखान्यात दिलेलं डिझाइन, उरलेली रिकामी पाकिटं बघा. १ जानेवारी २०२२ पासून बिलावरही हा क्रमांक छापणं बंधनकारक आहे, त्यामुळे बिलबुक असेल तर त्यावर मिळेल. बँकेच्या कर्जाच्या फाइलीत प्रमाणपत्राची झेरॉक्स लावलेली असते. झोमॅटो किंवा स्विगीवर हॉटेल असेल तर मेनूच्या अगदी तळाशी क्रमांक दिसतो. ईमेलमध्ये आणि मेसेजमध्ये ‘एफएसएसएआय’ टाकून शोधा. अर्ज केला त्या दिवशीचा १७ आकडी संदर्भ क्रमांक तरी सापडतोच. तो १४ आकडी क्रमांकापेक्षा वेगळा असतो. अर्ज कुठवर आला हे पाहण्यापुरता त्याचा उपयोग, तो भिंतीवर किंवा पाकिटावर लावायचा नाही. काही पाकिटांवर चुकून हा १७ आकडीच छापलेला असतो. तसं असेल तर सगळी पाकिटं बदलावी लागतील.

यातलं काहीच सापडलं नाही तर फॉस्कॉसच्या मुखपृष्ठावर ‘एफबीओ सर्च’, म्हणजे अन्न व्यावसायिकांचा शोध, आहे. पत्ता असा: फॉस्कॉस डॉट एफएसएसएआय डॉट जीओव्ही डॉट इन. गूगलवर शोधून पहिल्या दुव्यावर टिचकी मारू नका. सरकारी वाटतील अशी नावं आणि अशोकचक्राचे रंग लावलेली खासगी सल्लागारांची पानं वर जाहिरातीत येतात, आणि तिथे अर्ज भरला की अर्ध्या तासात फोन सुरू होतात. शेवटी ‘जीओव्ही डॉट इन’ आहे का एवढं पाहिलं तरी पुरे.

या शोधात राज्य महाराष्ट्र, जिल्हा सोलापूर निवडून नाव टाकायचं. इथे बरेच जण अडकतात. त्याची कारणं दोन. एक म्हणजे नोंदणी दुकानाच्या नावावर असेल असं आपण धरून चालतो. लहान व्यवसायात ती पुष्कळदा मालकाच्या स्वतःच्या नावावर असते, आणि घरगुती व्यवसायात तर कधी नवऱ्याच्या नावावर. तिन्ही नावं टाकून बघा. दुसरं म्हणजे इंग्रजी स्पेलिंग. सोलापुरात निम्म्या पाट्यांवर ‘सिद्धेश्वर’ आणि उरलेल्यांवर ‘स्वामी समर्थ’. सिद्धेश्वरमधला ‘डी’ एकदा की दोनदा, पुढे ‘एच’ आहे की नाही, ‘व्ही’ की ‘डब्ल्यू’, हे अर्ज भरणाऱ्याच्या मर्जीवर होतं. आडनावांचंही तेच, बिराजदार तीन तऱ्हेने लिहिलेलं सापडेल. पूर्ण नाव टाकू नका, मधली चार-पाच अक्षरं टाका आणि येणाऱ्या यादीत पत्ता वाचून आपलं ओळखा. पेठेचं नाव आणि पिनकोड जुळले की झालं.

सापडलेल्या नोंदीत तीन गोष्टी बघा: क्रमांक, पत्ता आणि स्थिती. नोंदणी चालू दिसली तर अर्धी काळजी मिटली. त्या पानाचा तारखेसह प्रिंट काढून ठेवा. प्रमाणपत्राची जागा तो घेत नाही, पण स्टॉलच्या अर्जाबरोबर ‘नोंदणी आहे, प्रत मिळवतोय’ हे सांगायला आणि पुढे कार्यालयात द्यायच्या अर्जाला जोडायला उपयोगी पडतो. एफएसएसएआयच्या ‘फूड सेफ्टी कनेक्ट’ ॲपमध्येही क्रमांक टाकून नोंदणी खरी आहे का ते पाहता येतं. तपासणीला येणारा अधिकारी हीच माहिती त्याच्या बाजूने पाहू शकतो. कागद नाही म्हणजे नोंदणीच नाही, असा अर्थ होत नाही. पण प्रमाणपत्र दर्शनी जागी लावण्याची अट मोडली जाते, तेव्हा हे काम लांबवू नका.

लॉगिन

नोंदणी काढताना युजर आयडी आणि पासवर्ड तयार झालेला असतो. फॉस्कॉस २०२० साली आलं. त्याआधी जुन्या प्रणालीत काढलेलं लॉगिनही इथे चालतं. पासवर्ड विसरला असेल तर लॉगिनच्या खिडकीखालीच तो नवीन करायची सोय आहे. नोंदवलेल्या मोबाइलवर किंवा ईमेलवर ओटीपी येतो आणि काम होतं. मोबाइल बंद झाला असला तरी ईमेल चालू आहे का ते आधी बघा.

ओटीपी दुसऱ्याच्याच फोनवर जातोय असं दिसलं की तो फोन एजंटाचा. त्याला फोन करून नुसती प्रत मागू नका, युजर आयडी आणि पासवर्ड मागा. नोंदणी तुमच्या नावाची आहे, लॉगिन तुमचंच. बरेच एजंट देतात. काही जण शंभर ग्राहकांचं काम एकाच आयडीवर चालवतात, त्यामुळे त्यांना पासवर्ड देणं खरोखरच जमत नाही. अशा वेळी त्याच्याकडून मूळ पीडीएफ घ्या आणि संपर्क बदलून घेण्याचा अर्ज स्वतः करा. आयडी मिळाला तर आत शिरल्याबरोबर पासवर्ड, मोबाइल आणि ईमेल बदला. हे आत्ता केलं नाही तर पुढच्या वेळी पुन्हा त्याच दारात उभं राहावं लागेल.

एजंटाचा पत्ता नाही, नंबर बंद, ईमेल माहीत नाही, अशी परिस्थिती असेल तर अन्न व औषध प्रशासनाच्या सोलापूर कार्यालयात लेखी अर्ज द्यायचा. नोंदणीचं काम अन्न सुरक्षा अधिकारी पाहतात आणि परवान्याचं सहायक आयुक्त (अन्न). अधिकाऱ्यांना भाग वाटून दिलेले असतात, त्यामुळे बार्शी, पंढरपूर, अक्कलकोटकडच्यांनी आपला अधिकारी कोण आणि तो कोणत्या दिवशी कार्यालयात बसतो हे फोनवर विचारूनच निघावं. अधिकारी तपासणीला बाहेर असले की दिवस फुकट जातो. महाराष्ट्र अन्न व औषध प्रशासनाचा टोल फ्री क्रमांक १८००२२२३६५ आणि एफएसएसएआयचा १८००११२१००. फॉस्कॉसमधल्या तांत्रिक अडचणीसाठी दुसरा.

अर्जात पाल्हाळ नको. असा चालतो:

प्रति, नोंदणी प्राधिकारी तथा अन्न सुरक्षा अधिकारी, अन्न व औषध प्रशासन, सोलापूर.
विषय: नोंदणी क्रमांक (१४ आकडे) याच्याशी जोडलेला मोबाइल व ईमेल बदलून मिळणेबाबत.
महोदय, वरील क्रमांकाची नोंदणी माझ्या नावे आहे. व्यवसायाचे नाव व पत्ता: … नोंदणी करताना दिलेला मोबाइल क्रमांक आता माझ्या ताब्यात नसल्याने मला फॉस्कॉसवर लॉगिन करता येत नाही. मूळ प्रमाणपत्राची छापील प्रत गहाळ झाली आहे. तरी माझा मोबाइल … व ईमेल … यांची नोंद करून लॉगिन मिळावे, ही विनंती.
सोबत: आधारची स्वाक्षरी केलेली प्रत, एक फोटो, जागेचा पुरावा किंवा शॉप ॲक्टची पावती, ऑनलाइन शोधातील नोंदीचा प्रिंट.

दोन प्रती न्या. एक आवक टेबलावर द्या आणि दुसरीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. पोच न घेता ‘साहेबांच्या टेबलावर ठेवून आलो’ असं झालं तर महिन्याभराने विचारायला गेल्यावर दाखवायला काही नसतं. आधारवर नाव एक आणि नोंदणीत दुसरं असेल, उदाहरणार्थ लग्नाआधीचं आणि नंतरचं, तर जोडणारा पुरावाही तेव्हाच लावा. नाहीतर त्यासाठी पुन्हा बोलावणं येतं. झेरॉक्सवर ‘फक्त फॉस्कॉस संपर्क बदलासाठी’ असं आडवं लिहून सही केलेली बरी.

नवीन अर्जच करून टाका, शंभर रुपयांत काम होईल, असा सल्ला तुम्हाला कोणीतरी नक्की देईल. तो मानू नका. एकाच जागेवर एकाच धंद्याचे दोन क्रमांक होतात. पाकिटावर जुना, भिंतीवर नवा, बिलावर तिसऱ्याच कशाचा तरी, आणि तपासणीत त्याचा खुलासा करत बसावं लागतं. शिवाय जुन्या नोंदणीवर काही सूचना किंवा थकबाकी असेल तर ती तशीच लोंबकळत राहते.

छपाई

लॉगिन झाल्यावर तुमच्या नावावरच्या नोंदण्या आणि परवान्यांची यादी दिसते. क्रमांकासमोर छपाईची खूण असते; ती दाबली की प्रमाणपत्र पीडीएफमध्ये उघडतं. मोबाइलवर दाबून काहीच घडत नसेल तर ब्राउझरने पॉप-अप अडवलेला असतो. तो मोकळा करा किंवा संगणकावरून करा.

छापायच्या आधी फाइल स्वतःकडे ठेवा. सायबर कॅफेत काम करत असाल तर ती स्वतःच्या ईमेलवर पाठवा आणि तिथल्या संगणकावरून पुसून, लॉगआउट करून उठा. व्हॉट्सॲपवर पाठवताना ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवा. फोटो किंवा स्क्रीनशॉट म्हणून पाठवलं की चित्र दाबलं जातं, बारीक अक्षरं पसरतात आणि क्यूआर कोड वाचला जात नाही. डिजिलॉकरमध्येही एक प्रत टाकून ठेवा.

कागद ए-४, छपाई लेझर प्रिंटरवर. इंकजेटची शाई वाफेने आणि ओल्या हाताने पसरते, उन्हात उडते. सोलापूरच्या एप्रिल-मेमध्ये पत्र्याच्या टपरीत तर दोन महिन्यांत फोटो निळसर दिसायला लागतो. लॅमिनेशन करताना कागदाच्या चारही बाजूंनी चार-पाच मिलिमीटर प्लास्टिकची मोकळी कड सोडायला सांगा. कड कागदाला घासून कापली की तिथूनच तेल आणि वाफ आत शिरते आणि पावसाळ्यात आत बुरशीचे ठिपके पडतात. लावायची जागा तव्याच्या किंवा शेगडीच्या वर नको. उष्णतेने लॅमिनेशन फुगतं आणि चिकट तेलावर धूळ बसून क्रमांक झाकला जातो. गिऱ्हाईक उभं राहतं त्या बाजूला, डोळ्याच्या उंचीवर लावा. हातगाडी असेल तर खिळ्याऐवजी दोन बाजूंनी तार ओवून बांधा, म्हणजे रात्री काढून घरी नेता येतं. एक प्रत भिंतीवर, एक फाइलीत आणि स्टॉलसाठी एक जास्तीची, एवढ्या तीन एकदमच काढा.

२०११ च्या नियमावलीत हरवलेल्या, फाटलेल्या किंवा खराब झालेल्या प्रमाणपत्राची दुय्यम प्रत मुदतीच्या आत लागू फीच्या १० टक्के भरून मागायची तरतूद आहे. नोंदणीची फी तिथे वर्षाला १०० रुपये धरली आहे, म्हणजे हिशोब दहा रुपयांचा होतो. पीडीएफ स्वतः काढता येऊ लागल्यापासून त्या वाटेला जायची वेळ सहसा येत नाही. अडीच हजाराशी ताडून पाहायला मात्र हा आकडा बरा.

पोलिसांचा दाखला प्रिंट काढण्यासाठी लागत नाही. प्रतिज्ञापत्रही लागत नाही. पिशवीच गेली आणि त्यात आधार, पॅन, पासबुक, शिक्के असं सगळं होतं, तर मात्र नोंद करून ठेवावी, कारण त्या कागदांचा कोणी गैरवापर केला तर तुमच्याकडे तारीख असते. महाराष्ट्र पोलिसांच्या नागरिक पोर्टलवर हरवलेल्या वस्तूची नोंद घरबसल्या करता येते. चोरी झाली असेल तर ती नोंद पुरेशी नाही. पोलीस ठाण्यातच जा.

छापल्यावर प्रमाणपत्र वाचा. हे बहुतेक जण करत नाहीत. चार वर्षांपूर्वी एजंटाने काय भरलं होतं हे तुम्ही तेव्हा पाहिलंही नसेल. नाव, पत्ता, धंद्याचा प्रकार, पदार्थांचे वर्ग आणि मुदत बघा. शेंगाचटणी बनवून पाकिटात भरून विकता आणि प्रमाणपत्रावर नुसता किरकोळ विक्रेता असं लिहिलंय, असं पुष्कळदा निघतं. हे छपाईने सुटत नाही. त्यासाठी फॉस्कॉसवर बदलाचा अर्ज करावा लागतो. जागाच बदलली असेल, समजा भवानी पेठेतून उचलून होटगी रोडला गेलात, तर जुन्या पत्त्याचं प्रमाणपत्र नव्या भिंतीवर लावून उपयोग नाही. नोंदणी जागेशी बांधलेली असते आणि नव्या जागेसाठी सहसा नवा अर्ज करावा लागतो. मुदत संपलेली दिसली तर छापण्यात वेळ घालवू नका. लॉगिनमध्ये नूतनीकरणाचा पर्याय दिसतो का ते बघा. दिसला तर आधी तो पूर्ण करा, नाही दिसला तर नवीन अर्ज. संपलेल्या तारखेवर खाडाखोड केलेली झेरॉक्स काही जण लावतात. क्रमांक टाकल्यावर खरी तारीख पाच सेकंदांत दिसते, तेव्हा असला उद्योग निव्वळ अंगाशी येणारा.

कार्ड वडिलांच्या नावावर होतं आणि ते वारले, असा प्रसंग असेल तर नियमावलीने वारसाला ९० दिवस दिलेत. तेवढ्या काळात तीच नोंदणी कुटुंबाच्या उपयोगी राहते, आणि त्याच मुदतीत वारसाने आपल्या नावावर करून घेण्याचा अर्ज मृत्यूच्या दाखल्यासह द्यायचा. कारण योग्य असेल तर अधिकारी मुदत वाढवू शकतात, पण त्यासाठीही अर्ज आधी गेलेला असावा.

गड्ड्याचा स्टॉल

हंगामी स्टॉलवाला आणि फिरता विक्रेता हेही नोंदणीच्या कक्षेत येतात. चार दिवसांचा धंदा म्हणून सूट नाही. लग्नकार्यात किंवा धार्मिक कार्यक्रमात अन्न वाटणारेही त्याच व्याख्येत आहेत, त्यामुळे पंढरपूरच्या वारीत किंवा यात्रेत अन्नदानाचा मांडव टाकणाऱ्या मंडळांनीही हे लक्षात ठेवावं. तुमच्या बाबतीत घरी बनवलेली चटणी पाकिटबंद करून स्टॉलवर विकायची असेल तर पाकिटावरचा क्रमांक आणि स्टॉलवर लावलेली प्रत एकच असली पाहिजे. स्टॉलवर तवा मांडून भाकरी थापून विकणार असाल तर तो वेगळा प्रकार झाला, आणि तुमच्या नोंदणीत तो बसतो का हे अधिकाऱ्याला आधीच विचारा. संक्रांतीच्या आठवड्यात नको, डिसेंबरातच. यात्रेच्या तोंडावर त्या कार्यालयात सगळ्यांचीच घाई असते.

हरवलेलं प्रमाणपत्र फॉस्टॅकचं असेल तर

हे प्रशिक्षणाचं प्रमाणपत्र, त्याचं पोर्टल वेगळं. २५ कामगारांमागे किमान एक प्रशिक्षित अन्नसुरक्षा पर्यवेक्षक असावा, हा त्यामागचा हिशोब. परवाना असलेल्या हॉटेलांना आणि कारखान्यांना याची जास्त गरज पडते. प्रमाणपत्र ऑनलाइनच निघतं, त्यामुळे प्रशिक्षणाच्या वेळी दिलेल्या मोबाइलवरून फॉस्टॅकच्या पोर्टलवर लॉगिन करून ते पुन्हा उतरवता येतं. इथेही घोळ मोबाइलचाच. हॉटेलातल्या दहा-बारा जणांचं प्रशिक्षण एकदम झालं की मॅनेजर सगळ्यांसाठी स्वतःचाच नंबर नाहीतर ईमेल देऊन मोकळा होतो, आणि तो नोकरी सोडून गेला की सगळ्यांची वाट अडते. तसं असेल तर प्रशिक्षण देणाऱ्या संस्थेला प्रशिक्षणाची तारीख, ठिकाण आणि आधारवर आहे तसं नाव कळवा. त्यांच्याकडे त्या तुकडीची नोंद असते.

या प्रमाणपत्राची मुदत दोन वर्षं. हरवलेलं दोन वर्षांपेक्षा जुनं असेल तर शोधत बसण्यात अर्थ नाही, पुन्हा प्रशिक्षणाला बसा. आणि आचारी सोडून गेला तर त्याचं प्रमाणपत्र त्याच्याबरोबर जातं. त्याची झेरॉक्स भिंतीवर ठेवून तुमच्या २५ चा हिशोब भरत नाही.

वैद्यकीय दाखला

याची ऑनलाइन प्रत कुठेच नसते. अन्न हाताळणाऱ्या प्रत्येकाची वर्षातून एकदा तपासणी आणि त्याचा ठरलेल्या नमुन्यातला दाखला, असा नियम आहे. हरवला तर ज्या डॉक्टरांनी दिला त्यांच्याकडे जाऊन त्यांच्या नोंदीवरून मूळ तारखेची प्रत मागा. वर्ष संपत आलं असेल तर नवी तपासणी केलेलीच बरी. नमुन्यात शारीरिक तपासणी, डोळे, त्वचा आणि टायफॉइड गटाच्या आजारांवरची लस घेतल्याचा उल्लेख असतो. संसर्गजन्य आजाराची शंका असेल तर त्याची चाचणी. दाखला परत पाठवला जातो तो बहुधा तीन कारणांनी: व्यवसायाचं नाव लिहिलेलं नसतं, नुसता लॅबचा रक्ताचा रिपोर्ट जोडलेला असतो, किंवा सही आहे पण डॉक्टरांचा नोंदणी क्रमांक आणि शिक्का नाही. डॉक्टरांच्या टेबलावरून उठायच्या आधी हे तीन बघून घ्या. आणि हा मूळ कागद लॅमिनेट करू नका. शिक्क्याची आणि पेनाची शाई उष्णतेने पसरू शकते, आणि काही ठिकाणी लॅमिनेट केलेली मूळ प्रत पडताळणीला घेत नाहीत. पारदर्शक प्लास्टिकच्या पाकिटात ठेवा आणि भिंतीवर झेरॉक्स लावा.